घड्याळजीची साक्ष

१२ जून

आदरणीय पाळकसाहेब,

सादर सलाम.

आपली ओळख नाही, तरी लिहिण्याचं धाडस करते आहे. मी तत्त्वज्ञानात एम.ए. करते. आमच्या घरात कॉलेजात गेलेली मी पहिलीच, त्यामुळे काही अडलं तर घरी विचारायची सोय नाही. तुमच्या मंडळीच्या शताब्दीच्या पत्रिकेत तुमचा लेख वाचला, आणि वाटलं, यांनाच विचारावं.

माझ्या प्रबंधाचा विषय आहे 'उत्तर-आधुनिक विचार आणि ख्रिस्ती विश्वास'. आमच्या मॅडम म्हणतात, "या दोघांना एका खोलीत कोंडलंस, तर दार उघडल्यावर कोण जिवंत सापडेल ते मला कळव."

उत्तर-आधुनिक विचारवंत म्हणतात की सगळ्यांना सामावून घेणाऱ्या एकाच मोठ्या गोष्टीवर आता भरवसा ठेवता येत नाही. मोठी गोष्ट सांगणाऱ्याच्या हातात सत्ता असते, आणि जी छोटी गोष्ट तिच्यात बसत नाही ती तो पुसून टाकतो. ख्रिस्ती विश्वास ही तर अशी सगळ्यात मोठी गोष्ट. पण तुमच्याकडे साक्षीची रीत आहे असं कळलं. वर्षातून एकदा प्रत्येक सभासद उभा राहतो आणि देवाने आपल्या आयुष्यात काय केलं ते आपल्या शब्दांत सांगतो. मला हे फार सुंदर वाटलं. मोठ्या गोष्टीच्या पोटात इतक्या छोट्या गोष्टी!

माझा प्रश्न एवढाच. इतक्या वर्षांत मोठ्या गोष्टीत न बसणारी साक्ष तुम्ही कधी ऐकलीत का? आणि तेव्हा काय केलंत?

आपली नम्र,
एक विद्यार्थिनी

•

२४ जून

प्रिय विद्यार्थिनी,

प्रभूमध्ये सलाम.

निवृत्त माणसाला दोनच प्रकारची पत्रं येतात, कुणीतरी गेल्याची आणि कुणाचं तरी लग्न ठरल्याची. तुमचं तिसऱ्या प्रकारचं आलं, म्हणून दोनदा वाचलं. फोन नंबर दिला होतात, पण माझे कान गेलेत. समोरचा 'नमस्कार' म्हणतो आणि मी 'कोण वारलं?' विचारतो. तेव्हा पत्रच बरं.

तुमच्या विचारवंतांचं मला पूर्ण चुकीचं वाटत नाही. पण गोष्ट मोठी असते ती कुणाला चिरडण्यासाठी नसते, सगळ्यांना आत घेण्यासाठी असते. छताशिवाय नुसत्या खोल्या बांधून भागेल का?

आता तुमचा प्रश्न. हो, अशी एक साक्ष ऐकली. आमच्या मंडळीत एक घड्याळजी होता. त्याचा लहान मुलगा आजारात गेला. त्या वर्षी तो उभा राहिला आणि दुःखाच्या भरात त्याने देवालाच नाकारलं. मंडळीत कोवळी मुलं होती, डळमळीत विश्वासाची माणसं होती. मी त्याला समजावलं, शब्द मागे घ्यायला सांगितलं. तो ऐकेना. शेवटी तो स्वतःहून दूर गेला. अजून वाईट वाटतं. पण मेंढपाळाला शंभर मेंढरांचा विचार करावा लागतो.

प्रबंधात हे घालायचं असेल तर घाला. आणि लिहीत राहा. इथे माझ्याशी बोलणारं कुणी नाही.

तुमचा शुभचिंतक,
पाळक (निवृत्त)

•

२९ जून

बाबा,

फोनवर तुम्ही "हं, हं" करता आणि ठेवून देता, म्हणून लिहिते.

मी पाळकसाहेबांना पत्र पाठवलं. नाव सांगितलं नाही. वसतिगृहाचा पत्ता आहे, त्यांना काही कळणार नाही. त्यांचं उत्तर आलंय. बसून वाचा. ते लिहितात, तुम्ही देवाला नाकारलंत. ते लिहितात, तुम्ही स्वतःहून गेलात.

स्वतःहून!

मी दहा वर्षांची होते, पण तिसऱ्या बाकावर आईच्या शेजारी मीच बसले होते. तुम्ही काय म्हणालात ते मला तोंडपाठ आहे. "माझं पोर नऊ दिवस तापात होतं. मी नऊ दिवस प्रार्थना केली. पलीकडून कुणी बोललं नाही. मी दर रविवारी येतो, येत राहीन. पण मी कुणाशी बोलतो ते मला आता माहीत नाही." बस. यात नाकारणं कुठे आहे? मग लागोपाठ तीन रविवार त्यांनी मंचावरून तुमचं नाव वाचलं, "या माणसाला प्रभुभोजनात, भाकरीच्या आणि द्राक्षरसाच्या मेजावर, जागा नाही." तिसऱ्या रविवारी आईने माझे कान हातांनी झाकले होते. तरी ऐकू आलं.

आणि गंमत बघा. चर्चच्या मनोऱ्यातल्या घड्याळाला किल्ली देणं तुमच्याशिवाय कुणाला येत नव्हतं, म्हणून बाहेरच्या जिन्याची चावी तुमच्याकडेच राहू दिली. त्यांना तुमच्याकडून वेळ हवी होती. साक्ष नको होती.

बाबा, मी इतकं शिकले ते कशासाठी? आता माझ्याकडे त्यांच्याशी त्यांच्याच भाषेत बोलायचे शब्द आहेत. मी त्यांना गोड बोलून बोलतं करणार आहे. कधीतरी त्यांच्या तोंडून निसटेल, आणि जे निसटेल ते मी त्यांच्या शताब्दीत त्यांच्यासमोर ठेवीन. त्या दिवशी नव्या सभागृहाला त्यांचं नाव देणार आहेत. छान. नाव मोठ्याने वाचायची त्यांना आवडच आहे.

तुमची,
चिमणी

•

३ जुलै

चिमणे,

पत्र मिळालं. त्याचंही वाचलं.

तू हे सोडून दे. म्हातारा झालाय तो, बायको गेली त्याची. आणि तुझी परीक्षा आहे.

साक्ष मी दिली, तू नाही. दुकानात काम आहे, जास्त लिहीत नाही. भिंग फुटलं होतं, नवं आणलं.

बाबा

•

१० जुलै

आदरणीय पाळकसाहेब,

तुमचं पत्र मॅडमना दाखवलं. त्या म्हणाल्या, "छताची उपमा चांगली आहे, उचल." तर उचलली, रागावू नका.

घड्याळजीची हकिगत वाचून फार वाईट वाटलं. तुमच्यावर किती कठीण प्रसंग आला असेल.

आता जरा धीट होऊन विचारते. आमचे विचारवंत म्हणतात, कुणीही बोलतो तो कुठेतरी उभा राहूनच बोलतो. सगळ्यांच्या वर, ढगात उभं राहून कुणालाच बोलता येत नाही. तुम्ही इतकी वर्षं दुसऱ्यांच्या साक्षी ऐकल्यात. पाळकाची साक्ष कोण ऐकतं? तुमची ऐकायला मला आवडेल. मंचावरची नको, ती छापलेली आहेच. तुम्ही आज ज्या खुर्चीत बसलात तिथली हवी.

आपली,
विद्यार्थिनी

•

२ ऑगस्ट

प्रिय मुली,

उत्तराला उशीर झाला. तीनदा लिहिलं, तीनदा फाडलं. हे चौथं. पाकिटात घालून लगेच पेटीत टाकणार आहे, नाहीतर हेही जायचं.

पाळकाची साक्ष कोण ऐकतं, असं विचारलंस. कुणी नाही. त्याने ती द्यायचीही नसते. डॉक्टरने रोग्यासमोर खोकू नये, तसं.

माझी बायको तीन वर्षांपूर्वी गेली. साडेचार महिने अंथरुणावर होती. मी प्रार्थना करत होतो. चाळीस वर्षं करत होतो तशीच, त्याच शब्दांत, त्याच आवाजात. एका दुपारी ती म्हणाली, "अहो, जरा थांबा ना. तुम्ही सारखे बोलताय, त्यालाही बोलू द्या." थट्टेने म्हणाली. मी थांबलो. खोलीत पंख्याचा आवाज होता. तेवढाच. मी संध्याकाळपर्यंत वाट पाहिली.

तेव्हापासून मला वाटतं, आयुष्यभर ज्याला मी उत्तर समजत आलो तो माझाच आवाज होता की काय. मंचावरून घुमून परत येणारा. मी रोज सकाळी अजून गुडघे टेकतो. सवय आहे, आणि सवय सोडायची भीतीही आहे. पण मी कुणाशी बोलतो हे मला सांगता येणार नाही.

तुझे विचारवंत हे वाचून खूश होतील. तू होऊ नकोस. आणि एक विनंती, हे आपल्या दोघांत राहू दे. शताब्दी जवळ आली आहे, लोकांना माझा आधार वाटतो.

तुझा,
पाळक

•

९ ऑगस्ट

पाळकसाहेब,

मी घड्याळजीची मुलगी.

तुमचं पत्र आलं तेव्हा मी वसतिगृहाच्या जिन्यात उभी राहून ते वाचलं आणि हसले. मैत्रिणींना वाटलं, कुणा मुलाचं पत्र आलं. त्याची प्रत सोबत आहे, त्यातलं हे वाक्य परत वाचा. "मी कुणाशी बोलतो हे मला सांगता येणार नाही." ते तुमचं नाही. माझ्या वडिलांचं आहे, अकरा वर्षांपूर्वीचं. त्याच वाक्यासाठी तुम्ही त्यांना भोजनाच्या मेजावरून उठवलंत. तुम्हाला ते आठवतही नाही. तुम्हाला आठवतं ते "त्याने देवाला नाकारलं". तुम्ही त्यांची साक्ष नुसती नाकारली नाहीत, तिच्या जागी दुसरी लिहून ठेवलीत. आणि "स्वतःहून गेला" म्हणे! माझे वडील अकरा वर्षं दर रविवारी तुमच्या उपासनेच्या वेळी मनोऱ्यात होते. तुमच्या डोक्यावर. इतक्या जवळ असलेला माणूस दूर गेला कसा म्हणता?

आई पुढची दोन वर्षं मला घेऊन शेवटच्या बाकावर बसली, मग तीही यायची थांबली. ती गेली तेव्हा प्रार्थनेला तुम्ही आला नाहीत, बदली माणूस पाठवलात. तुमच्या बायकोसाठी अख्खी मंडळी उभी होती.

हे आपल्या दोघांत राहू दे म्हणता. का? माझ्या वडिलांचं कुणाच्या दोघांत राहिलं होतं?

माझी अट साधी आहे. शताब्दीच्या दिवशी तुम्ही तुमचं ते पत्र स्वतः वाचायचं, पहिल्या ओळीपासून शेवटच्या ओळीपर्यंत. नाही वाचलंत तर त्याच्या प्रती प्रत्येक बाकावर असतील. मग नियमाप्रमाणे होऊ द्या. नियम तुमचाच आहे. तीन रविवार.

मला दया येईल अशी आशा ठेवू नका. मी खूप वाट पाहिली आहे.

घड्याळजीची मुलगी

•

१५ ऑगस्ट

मुली,

वाचेन.

तुझं पत्र येईपर्यंत मला खरोखर वाटत होतं की तो स्वतःहून गेला. हे बचाव म्हणून लिहीत नाही. बचावापेक्षा हे वाईट आहे.

तुझ्या वडिलांना भेटायला जातो आहे. त्यांचं नाव त्याच मंचावरून परत वाचायची परवानगी मागायची आहे.

पाळक

•

२१ ऑगस्ट

चिमणे,

तो आला होता. दुकानात, भर दुपारी, काठी टेकत. ऐकू येत नाही म्हणून मला ओरडून बोलावं लागलं, आणि बाजूचा चष्मेवाला सगळं ऐकत होता. एकदा मध्येच म्हणाला, "घड्याळजी, यांना आधी कानाच्या डॉक्टरकडे पाठवा."

त्याने माफी मागितली. मी म्हटलं, ठीक आहे. मग म्हणाला, तुमचं नाव परत वाचतो. मी म्हटलं, नको. त्याला ऐकू गेलं नाही असं वाटून परत मोठ्याने म्हटलं, नको! परत आत घेणार म्हणजे मला माफ केलं असं होणार. मी काय गुन्हा केला होता? मी जे म्हणालो ते खरं होतं, आजही आहे. त्याला माफीची गरज नाही. त्याने माझ्या टेबलावरचं एक चाक उचललं आणि परत ठेवलं.

आता तुला एक सांगतो. तू मला मोठा साधू समजतेस, म्हणून सांगतो. बाराचे टोल पडले की उपदेश थांबवायचा, हा त्याचाच नियम होता. माझं नाव वाचल्यावर मी दर रविवारी वर जायचो, उपासना सुरू झाली की काटा सात मिनिटं पुढे सारायचो. नेमका तो रंगात यायचा आणि टोल पडायचे. सगळे उठले की काटा मागे. तो निवृत्त होईपर्यंत, सहा वर्षं. एकही रविवार चुकवला नाही. त्याला वाटायचं, आपलंच लांबतंय.

हे त्यालाही सांगितलं परवा, ओरडूनच. तो इतका हसला की त्याला पाणी द्यावं लागलं. चष्मेवालाही हसला. मी नाही हसलो.

तर माझा सूड मी घेतलाय, पोरी. तुला घ्यायचा तर तुझ्या नावावर घे. माझ्या नको.

बाबा

•

१७ सप्टेंबर

मुली,

तू शताब्दीच्या रविवारी आली होतीस हे मला दिसलं. शेवटच्या बाकावर, दाराशी. मी वाचायला लागलो तेव्हा तू उभी होतीस. मध्येच निघून गेलीस, म्हणून पुढचं कळवतो.

मी पूर्ण वाचलं. पंख्याचं, बायकोचं, आणि ते वाक्य. कागद खाली ठेवला आणि वाट पाहिली. आधी कुणीतरी हुंदका दिला. मग मंडळीचे सचिव उठले आणि माइक घेऊन म्हणाले, "किती ही नम्रता! एवढा मोठा माणूस, पण किती प्रामाणिक साक्ष!" आणि टाळ्या, मुली. लोक उभे राहून टाळ्या वाजवत होते.

मी परत माइक घेतला. म्हटलं, याच शब्दांसाठी मी एका माणसाला या मेजावरून उठवलं होतं. तर ते अजून रडायला लागले. एक बाई माझा हात धरून म्हणाल्या, "साहेब, तुम्ही किती मनाला लावून घेता!" मी सचिवांना लेखी दिलं की नियमाप्रमाणे तीन रविवार माझं नाव वाचा. ते म्हणाले, "तुम्ही थकलाय. घरी सोडू का?" मी सांगितलेल्या नियमावर त्यांनी चाळीस वर्षं मान डोलावली, आणि आता तो माझ्यावर चालेना.

सभागृहाला माझं नाव दिलं. अक्षरं पितळेची आहेत.

तुझ्या विचारवंतांना विचार, एकच वाक्य दोन तोंडांत दोन अर्थांचं कसं होतं. मला वाटतं, त्यांनी हे आधीच सांगितलंय आणि मी ऐकलं नाही.

काल प्रभुभोजन होतं. मी आत गेलो नाही. मनोऱ्याच्या जिन्यात, बाहेर, पायरीवर बसलो. आतून गाणं ऐकू येत होतं, म्हणजे मला येत नव्हतं, पण दाराची काच थरथरत होती. थोड्या वेळाने तुझे वडील वरून उतरले. मला वाटलं, काही बोलतील. ते म्हणाले, "पाळकसाहेब, एका बाजूला सरका. येण्याजाण्याची वाट आहे."

मी सरकलो. ते गेले.

यापुढे दर रविवारी तिथेच बसणार आहे. तुला हवं होतं ते तुला मिळालं नाही, याचं मला वाईट वाटतं.

पाळक

•

२५ सप्टेंबर

पाळकसाहेब,

मी मध्येच गेले ते टाळ्या ऐकून. रस्त्यावर आले तरी ऐकू येत होत्या. बसथांब्यापर्यंत मी पळाले. मला ओरडायचं होतं, की हे वाक्य माझ्या बापाचं आहे, आणि तुम्ही त्याच्यासाठी चोराला हार घालताय! ओरडले नाही. मला मंडळीत बोलायचा हक्क नाही. मी कधी साक्षच दिली नाही.

तुम्हाला वाईट वाटतं, की मला हवं होतं ते मिळालं नाही. तुमचं चुकतंय. बाबांना शिक्षा न मागता मिळाली. तुम्हाला मागून मिळत नाही. याच्याहून मोठी शिक्षा मला सुचली नसती, आणि ती तुम्हाला तुमच्याच माणसांनी टाळ्या वाजवून दिली. प्रबंधाचं शेवटचं प्रकरण मी याच्यावरच लिहिणार आहे. मॅडमना उत्तरही मिळालं. त्या खोलीत दोघंही जिवंत सापडले, आणि दोघांनाही एकमेकांकडे बघवत नव्हतं.

एक गोष्ट खरी सांगते, कारण तुम्ही पूर्ण पत्र वाचलंत. मी तुमचा विश्वासघात केला. खोटं बोलून तुमच्या बायकोचं मरण तुमच्याकडून काढून घेतलं. हे मी मागे घेत नाही. माफीही मागत नाही. पण हे मी केलं, आणि कुठे उभी राहून केलं ते मला माहीत आहे. हीच माझी साक्ष समजा. टाळ्या नकोत.

तुम्हाला मी माफ केलेलं नाही. करावंसं वाटलं तर कळवीन, वाट बघू नका.

काल बाबांचा फोन आला. पहिल्यांदाच "हं, हं" सोडून काही बोलले. म्हणाले, "तो बसतोय जिन्यात. अजून किती बसणार आहे?" मी म्हटलं, अकरा वर्षं. बाबा म्हणाले, "अगं, शहात्तरचा आहे तो."

तेव्हा तुम्हाला सत्त्याऐंशी वर्षांचं व्हायलाच हवं. मधेच कुठे जाऊ नका, मला चालणार नाही. रक्तदाबाची गोळी चुकवत जाऊ नका. थंडीत कान बांधा. पण पायरीवर बसताना खाली सतरंजी वगैरे काही घालू नका.

घड्याळजीची मुलगी